सरकारी शाळा आणि धर्म : मुंबई इलाख्यातील तटस्थतेच्या धोरणाचा ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना :

राज्याच्या निधीतून पूर्णपणे चालविल्या जाणाऱ्या शैक्षणिक संस्थेत कोणतेही धार्मिक शिक्षण दिले जाणार नाही, अशी तरतूद भारतीय राज्यघटनेच्या २८ व्या कलमात आहे. या तरतुदीचे मूळ सांगताना सामान्यतः १ नोव्हेंबर १८५८ च्या राणीच्या जाहीरनाम्याचा व पाश्चात्त्य धर्मनिरपेक्षतेच्या विचाराचा उल्लेख केला जातो. पदवीच्या वर्गात आपणही बहुधा तेवढेच सांगून पुढे जातो. तथापि मुंबई इलाख्यातील शिक्षणाचा इतिहास पाहिला असता असे दिसून येते की, सरकारची धार्मिक तटस्थता ही एकजिनसी गोष्ट नव्हती. पाठ्यक्रमात धर्म येऊ न देणे हे तिचे एक रूप होते. शाळेच्या दारात मात्र धर्माने मान्य केलेल्या रूढीपुढे सरकार माघार घेत होते आणि त्यालाही तटस्थता असेच म्हणत होते. या दुसऱ्या रूपाकडे अभ्यासकांचे पुरेसे लक्ष गेलेले नाही. प्रस्तुत लेखात प्रामुख्याने त्याचाच विचार केला आहे.

धोरणाची जडणघडण :

१८१३ च्या सनदी कायद्याने शिक्षणासाठी वार्षिक एक लाख रुपयांची तरतूद केली आणि त्याच कायद्याने मिशनऱ्यांना कंपनीच्या मुलखात येण्याची वाटही मोकळी करून दिली. सरकारी शिक्षण आणि धर्मप्रसार यांत अंतर राखण्याची गरज त्यामुळे लवकरच निर्माण झाली. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन मुंबईचा गव्हर्नर असताना (१८१९-१८२७) त्याने लिहिलेल्या शिक्षणविषयक टिपणात धर्माचा अल्पसा अंशही शिक्षणाच्या योजनेत मिसळण्यास स्पष्ट विरोध आहे. त्याच टिपणात आणखी एक निरीक्षण आहे. मिशनऱ्यांना सर्वांत खालच्या मानलेल्या जातींतील मुले उत्तम विद्यार्थी म्हणून लाभतात हे तो मान्य करतो. परंतु आपली शिक्षणपद्धती प्रथम त्यांच्यात रुजली तर ती पुढे पसरणार नाही, अशी भीती घालून तो त्यांना विशेष उत्तेजन देण्याबाबत सावधगिरीचा सल्ला देतो. धर्म शिकवू नका आणि धर्माने दूर ठेवलेल्यांना फार जवळ करू नका, हे दोन्ही सल्ले एकाच लेखणीतून आले, ही बाब नजरेआड करता येत नाही.

१९ जुलै १८५४ च्या वुडच्या खलित्याने सरकारी संस्थांतील शिक्षण केवळ ऐहिक स्वरूपाचे असावे हे तत्त्व निश्चित केले. बायबल ग्रंथालयात ठेवण्यास हरकत नव्हती. एखाद्या विद्यार्थ्याने स्वेच्छेने प्रश्न विचारल्यास शिक्षकाने शाळेच्या वेळेबाहेर उत्तर द्यावे, आणि निरीक्षकांनी या गोष्टीची दखल घेऊ नये, अशी त्यातील व्यवस्था होती.

धारवाडचा अर्ज :

या तत्त्वाची खरी कसोटी दोनच वर्षांत लागली. जून १८५६ मध्ये धारवाड येथील सरकारी शाळेत प्रवेश नाकारल्याबद्दल एका महार मुलाने मुंबई सरकारकडे अर्ज केला. धारवाड तेव्हा मुंबई इलाख्यात होते. मुलगा फी भरण्यास तयार होता. २१ जुलै १८५६ च्या ठरावात सरकारने न्याय अर्जदाराच्या बाजूचा असल्याचे मान्य केले. परंतु एका व्यक्तीसाठी युगानुयुगांच्या समजुतींत हस्तक्षेप केल्यास शिक्षणाच्या कार्याची मोठी हानी होईल, आणि अर्जदाराची अडचण ही सरकारने निर्माण केलेली नाही, असा युक्तिवाद करून अर्ज नामंजूर केला.

हा युक्तिवाद बारकाईने पाहण्यासारखा आहे. शाळेत कोणताही धर्म शिकविला जात नव्हता. वुडच्या खलित्याच्या दृष्टीने ती निर्दोष होती. तरीही तिच्या बाकावर कोणी बसावे याचा निर्णय धर्माधिष्ठित शुद्धाशुद्धतेच्या कल्पनेने केला आणि सरकारने तो 'हस्तक्षेप न करण्याच्या' नावाखाली स्वीकारला. हस्तक्षेप न करणे हीदेखील एक बाजू घेणेच होते. जानेवारी १८५७ मध्ये हिंदुस्थान सरकारने कळविले की, मुंबई सरकारने कदाचित शहाणपणाने वागले असेल, पण बंगालमध्ये या मुलाला प्रवेश नाकारला गेला नसता. अखेर १८५८ मध्ये कंपनीच्या संचालक मंडळाने सरकारी शाळा सर्व वर्गांना खुल्या असल्याचे तत्त्व सांगितले.

तत्त्व सांगितले गेले, तरी अंमलबजावणी रखडली. १८८२ च्या हंटर आयोगाने हे तत्त्व पुन्हा मान्य केले, पण ते जपून अमलात आणण्याचा सल्ला देऊन स्वतंत्र शाळांचा मार्ग सुचविला. पुढे साताऱ्याच्या सरकारी शाळेत शिकताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना घरून नेलेल्या गोणपाटावर वेगळे बसावे लागत असे आणि शिपाई नसेल तर पाणीही मिळत नसे, हे त्यांनी स्वतः लिहून ठेवले आहे. दार उघडले होते, पण आतील बैठक जुनीच होती.

येथे एका वेगळ्या शाळेचा उल्लेख करावासा वाटतो. जोतीराव व सावित्रीबाई फुले यांच्या शाळेतील मुक्ता या मांग जातीच्या मुलीचा निबंध १८५५ मध्ये 'ज्ञानोदय'मध्ये प्रसिद्ध झाला. वेद ब्राह्मणांचेच असतील तर आम्हां महार-मांगांचा धर्म कोणता, असा प्रश्न तिने त्यात उपस्थित केला. धर्माविषयी असा प्रश्न विचारण्यास सरकारी शाळेच्या तासात जागा नव्हती, आणि तो विचारू शकणारी मुले धारवाडप्रमाणे शाळेच्या बाहेर होती.

नीतिपाठाचा वाद :

हंटर आयोगाने नैसर्गिक धर्माच्या मूलतत्त्वांवर आधारलेले नीतिपर पाठ्यपुस्तक महाविद्यालयांसाठी तयार करावे, अशी शिफारस केली होती. आयोगाचे सदस्य काशिनाथ त्र्यंबक तेलंग यांनी तिला विरोध नोंदविला. ही शिफारस प्रत्यक्षात आली नाही. सर्व धर्मांना मान्य होईल असे पुस्तक लिहिण्याची ही इच्छा मात्र मावळली नाही. १९५९-६० ची श्रीप्रकाश समिती आणि शंकरराव चव्हाण यांच्या अध्यक्षतेखालील संसदीय समितीचा १९९९ चा मूल्यशिक्षणविषयक अहवाल यांत ती वेगळ्या शब्दांत पुन्हा दिसते.

संविधान सभेतील चर्चा :

७ डिसेंबर १९४८ रोजी मसुद्यातील २२ वे कलम (आजचे २८ वे) चर्चेस आले. डॉ. आंबेडकरांच्या उत्तरात तात्त्विक धर्मनिरपेक्षतेपेक्षा व्यवहाराला अधिक स्थान आहे. करदात्यांचा पैसा एका धर्माच्या शिकवणीसाठी वापरता येणार नाही. सर्वच धर्मांचे शिक्षण देणे एकाच शाळेस शक्य नाही. शिवाय प्रत्येक धर्म आपलाच मार्ग खरा मानत असल्याने शाळेतील शांतता बिघडेल. याच चर्चेत त्यांनी धर्मतत्त्वांवर श्रद्धा ठेवण्यास शिकविणे आणि धर्माचा अभ्यास करणे यांत स्पष्ट फरक केला. सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये अरुणा रॉय खटल्यात धर्मांविषयीच्या अभ्यासाला २८ व्या कलमाची आड येत नाही असे ठरविले, तेव्हा हाच फरक पुढे आला.

परंतु प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने २८ वे कलम एकटे वाचून चालत नाही. धारवाडच्या अर्जाचे उत्तर त्यात नाही. ते २९ व्या कलमाच्या दुसऱ्या खंडात आहे. मूळ मसुद्यात प्रवेशातील भेदभावापासून संरक्षण फक्त अल्पसंख्याकांना होते. ठाकूरदास भार्गव यांच्या दुरुस्तीने ते प्रत्येक नागरिकाला मिळाले आणि धर्म, वंश, जात, भाषा यांच्या कारणावरून राज्याच्या किंवा अनुदानित संस्थेत प्रवेश नाकारण्यास मनाई झाली. धारवाडची कैफियत डॉ. आंबेडकरांनी १९२८ मध्येच बहिष्कृत हितकारिणी सभेच्या वतीने सायमन आयोगापुढे मांडली होती. त्यामुळे तटस्थतेच्या या दुसऱ्या रूपाची त्यांना पूर्ण जाणीव होती, असे म्हणण्यास आधार आहे.

अलीकडील प्रश्न याच दोन रेषांवर उभे असलेले दिसतात. प्रार्थनेच्या वेळी हात जोडण्याची सक्ती शिक्षकावर करता येणार नाही, असा निर्णय मुंबई उच्च न्यायालयाने २०१३ मध्ये नाशिकच्या एका प्रकरणात दिला. केंद्रीय विद्यालयांतील प्रार्थनेचा प्रश्न २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींनी घटनापीठाकडे सोपविला. हे पाठाचे वाद होत. कर्नाटकातील हिजाबचा वाद मात्र दाराचा होता. त्यावर १३ ऑक्टोबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींत मतभेद झाला आणि प्रकरण मोठ्या पीठासाठी सरन्यायाधीशांकडे गेले. धारवाड आज त्याच राज्यात आहे.