पाऱ्याचा पत्ता

रायपूरच्या नातेवाइकांकडून लग्नपत्रिका आली, की महाराष्ट्रातल्या घरात पत्त्यातल्या एका शब्दापाशी वाचणारा थांबतो : ब्राह्मणपारा. मराठी माणसाच्या ओळखीचा पारा काचेच्या नळीत असतो, नाहीतर संतापलेल्या वडीलधाऱ्याच्या डोक्यात चढतो. घराच्या पत्त्यात तो काय करतो, हे चटकन उमगत नाही. रायपूरकराला मात्र त्यात काहीच अडत नाही. त्याच्या लेखी पारा म्हणजे आळी, मोहल्ला, एकमेकांच्या ओळखीच्या घरांचा पुंजका.

जुन्या रायपूरच्या गाभ्यात, आझाद चौक आणि कंकाली तलावाच्या परिसरात ब्राह्मणपारा वसला आहे. त्याच्या आजूबाजूला पाऱ्यांचीच दाटी आहे. तात्यापारा, कंकालीपारा, बूढापारा, बैजनाथपारा, छोटापारा, मौदहापारा, आणि थोडे लांब टिकरापारा. नावे वाचत गेले तरी शहर कसे वाढले ते दिसते. कुठे जात, कुठे देवी, कुठे तलाव, कुठे जमिनीचा पोत. छत्तीसगढीत टिकरा म्हणजे उंचावरची, पाणी न धरणारी जमीन. भाताच्या मुलखात तिला वेगळे नाव असणारच. बूढापारा हा बूढा तलावाच्या काठचा. तलावांचे गाव म्हणून ओळखल्या गेलेल्या रायपुरात पाऱ्यांची नावे पाण्यापासून लांब जात नाहीत.

हा शब्द मुळात खेड्यातला आहे. छत्तीसगढचे गाव बहुधा एकसंध नसते, ते पाऱ्यांमध्ये विभागलेले असते. राऊतपारा, केवटपारा, तेलीपारा, गोंडपारा अशी धंद्यांची आणि जातींची नावे. बाजारपारा, नवापारा, खाल्हेपारा अशी जागेची नावे. खाल्हे म्हणजे खालचा. नवापाऱ्यातला ‘नवा’ आणि जुन्या बिलासपूरला तिथले लोक म्हणतात त्या ‘जूना बिलासपुर’मधला ‘जूना’ मराठी कानाला परका वाटतच नाही. बस्तरमध्ये तर गावाचे पारे एकमेकांपासून बरेच लांब, मध्ये शेते नि रान असे पसरलेले असतात. शेजारपाजार या अर्थी छत्तीसगढीत जोडशब्दच आहे, पारा-परोस.

शब्दाचा माग काढत गेले, तर वाट संस्कृतातल्या ‘पाटक’ या शब्दापाशी पोचते. पाटक म्हणजे गावाचा एक भाग. बंगालच्या जुन्या ताम्रपटांत तो जमिनीचे मापही आहे : आजच्या बांगलादेशातल्या गुणैघर इथे सापडलेला, राजा वैन्यगुप्ताचा इ. स. 507च्या सुमाराचा ताम्रपट बौद्ध विहाराला दिलेली जमीन पाटकांत मोजतो. या पाटकाची लेकरे देशभर पसरली. बंगालीत ती पाड़ा झाली, ओडियात पडा, गुजरातीत पाडो, मराठीत पाडा. छत्तीसगढीने ‘ड़’चा ‘र’ केला आणि पारा घडला.

या भावंडांना एकमेकांशेजारी बसवले, की नाती ओळखू येतात. कोलकात्याजवळचे भाटपाडा हे संस्कृत पाठशाळांसाठी गाजलेले पंडितांचे गाव. त्याचे संस्कृत रूप भट्टपल्ली. रायपूरच्या ब्राह्मणपाऱ्याचे ते नावाने सख्खे भावंड ठरते. गुजरातेत पाटण शहराच्या जुन्या मोहल्ल्यांना पाडो म्हणतात, आणि संघवीचा पाडा तिथल्या जैन हस्तलिखितांच्या भांडारामुळे अभ्यासकांना माहीत आहे. ओडिशात केंद्रापाडा हा आख्खा जिल्हा आहे. मुंबईत आग्रीपाडा आणि नागपाडा आहेत. तिथून रोज जाणाऱ्या लाखो लोकांना आपण रायपूरच्या ब्राह्मणपाऱ्याच्या भाऊबंदांतून चाललो आहोत, याची कल्पनाही नसते.

वाडा मात्र या कुळातला नव्हे. तो ‘वाट’ म्हणजे कुंपण घातलेली जागा, यावरून आला. वाड्याला भिंत असते, दिंडी असते. पाडा उघडा असतो. महाराष्ट्रात पाडा हा शब्द आज मुख्यतः ठाणे-पालघरच्या आदिवासी मुलखाशी जोडला गेला आहे. देशावरच्या बातमीत ‘वाड्या-वस्त्यांना टँकर’ असे छापून येते, जव्हार-मोखाड्याच्या बातमीत ‘गाव-पाड्यांना’. मुंबईच्या आरे वसाहतीतही वारली कुटुंबांचे पाडे आहेत. महसुली कागदावर गाव एक असते आणि त्याच्या पोटात अनेक पाडे असतात. रस्ता, नळ आणि वीज गावापर्यंत पोचली तरी पाड्यापर्यंत पोचायला पुढची कित्येक वर्षे लागतात. हजार-दीड हजार वर्षांपूर्वी जो शब्द ‘गावाचा भाग’ म्हणून घडला, तो महाराष्ट्रात गावापासून तुटलेल्या घरांचे नाव होऊन बसला. रायपुरात तोच शब्द शहराच्या ऐन मध्यावर आहे.

मराठी भाषा रायपुरात आली ती राज्यकर्त्यांची भाषा म्हणून. 1741 मध्ये नागपूरकर भोसल्यांचा सेनापती भास्करपंत कोल्हटकर बंगालच्या स्वारीवर निघाला. वाटेत त्याने हैहयवंशी राजांच्या रतनपूरवर चाल केली आणि छत्तीसगढवर भोसल्यांचा अंमल सुरू झाला. पुढे रघूजी भोसल्यांचे पुत्र बिंबाजी यांनी 1758 पासून 1787 मध्ये मृत्यू येईपर्यंत रतनपुरात राहून कारभार केला. मोडी लिपी आणि मराठी दप्तर या मुलखात रुजले ते त्यांच्या काळात. दसऱ्याला सोने म्हणून पाने वाटण्याची रीत त्यांनीच इकडे आणली, असे छत्तीसगढचे इतिहासकार सांगतात. रतनपूरच्या टेकडीवरचे राममंदिर त्यांच्याच नावावर आहे. त्यांच्यानंतर नागपूरहून सुभेदार नेमले जाऊ लागले. 1818 मध्ये इंग्रजांच्या देखरेखीत कारभाराचे मुख्य ठाणे रतनपूरहून रायपूरला हलले. 1854 मध्ये नागपूरचे राज्यच खालसा झाले.

शंभराहून अधिक वर्षांच्या या अंमलात कारकून, पुरोहित, शिलेदार, वैद्य अशी मराठी घरे छत्तीसगढात आली आणि राहिली. मराठी माणूस शहर वसवतो तेव्हा त्याच्या जिभेवर पेठ असते, वाडा असतो, आळी असते. पुण्याच्या कित्येक पेठा वारांच्या नावाने ओळखल्या जातात. भोसल्यांच्या नागपुरात महाल आहे, इतवारी आहे. रायपुरात मात्र या मंडळींनी आधीपासून तिथे असलेला शब्द उचलला. ब्राह्मणपाऱ्याला लागूनच तात्यापारा आहे. ‘तात्या’ हा मराठी घरातला, वडिलांना किंवा थोरल्या माणसाला हाक मारायचा शब्द, ‘पारा’ छत्तीसगढी. सत्ता मराठ्यांची, दप्तर मोडीत, आणि राहत्या जागेचे नाव मात्र इथल्या मातीतले. 

याच तात्यापाऱ्यात माधवराव सप्रे राहिले. 1871 मध्ये दमोहजवळच्या पथरिया गावी मराठी घरात जन्मलेल्या सप्र्यांनी जानेवारी 1900 मध्ये पेंड्राहून ‘छत्तीसगढ मित्र’ हे हिंदी मासिक सुरू केले. त्यांना साथ होती रायपूरच्या वामनराव लाखे यांची. मासिक तीन वर्षे चालले, पण छत्तीसगढच्या पत्रकारितेचा आरंभ त्याच्यापासूनच मोजतात. सप्र्यांची ‘एक टोकरी भर मिट्टी’ ही 1901 मधली कथा हिंदीतल्या पहिल्या कथांमध्ये गणली जाते. समर्थांचा ‘दासबोध’ आणि लोकमान्यांचे ‘गीतारहस्य’ हिंदी वाचकाच्या हाती पोचले ते त्यांच्या अनुवादांतून. घरात मराठी, लेखणीत हिंदी आणि दाराबाहेर छत्तीसगढी, असे हे आयुष्य 23 एप्रिल 1926 रोजी रायपुरातच संपले.

पारा या शब्दाने एका बंगाली मुलालाही इथे परके वाटू दिले नसेल. 1877 मध्ये कोलकात्याचे वकील विश्वनाथ दत्त कामानिमित्त रायपूरला आले. त्यांचे कुटुंब नागपूरपर्यंत रेल्वेने आणि पुढे रानातून बैलगाडीने मागोमाग आले. त्यात चौदा वर्षांचा नरेंद्रनाथ होता, पुढचे स्वामी विवेकानंद. दत्त कुटुंब बूढापाऱ्यात राहिले, आणि आज बूढा तलावाला विवेकानंद सरोवर हे दुसरे नाव आहे. उत्तर कोलकात्यातल्या मुलाच्या तोंडी स्वतःच्या मोहल्ल्यासाठी पाड़ा हाच शब्द असायचा. शेकडो कोसांचा प्रवास करून तो उतरला तो पुन्हा एका पाऱ्यातच.

ब्राह्मणपाऱ्याचा स्वतःचा मानबिंदू म्हणजे आनंद समाज वाचनालय. 1908 मध्ये सुरू झालेले हे वाचनालय स्वातंत्र्य चळवळीच्या काळात रायपूरच्या कार्यकर्त्यांचे एकत्र जमण्याचे ठिकाण होते. गांधीजींच्या रायपूरभेटीत स्त्रियांची सभा याच आवारात भरली होती आणि बायकांनी टिळक स्वराज्य फंडासाठी अंगावरचे दागिने उतरवून दिले, ही आठवण शहराने जपली आहे.

तरीही ब्राह्मणपारा या नावातली एक गोष्ट नजरेआड करता येत नाही. पारा हा जातींचा नकाशाही होता. कोणाचा पारा तळ्याजवळ आणि कोणाचा गावकुसाबाहेर, हे ठरलेले असे. महाराष्ट्रात हेच काम वाडा या शब्दाने केले. डिसेंबर 2020 मध्ये महाराष्ट्र शासनाने वस्त्यांची जातिवाचक नावे बदलण्याचा निर्णय घेतला, तेव्हा त्या यादीत महारवाडा, मांगवाडा, ढोरवस्ती होती आणि ब्राह्मणवाडाही होता. त्यांच्या जागी समतानगर, भीमनगर, क्रांतीनगर अशी नावे सुचवली गेली. रायपुरात ब्राह्मणपारा आजही महापालिकेचा प्रभाग म्हणून त्याच नावाने नांदतो आहे, आणि त्यात आता सगळ्या जातींची दुकाने नि घरे आहेत.

या एकाच शहरात पारा आणखी किती रूपांनी भेटतो ते पाहण्यासारखे आहे. बैजनाथपारा आणि मौदहापारा इथल्या मुस्लिम घरांतले मूल कुराण शिकायला बसते, तेव्हा ‘किती पारे झाले?’ असे त्याला विचारतात. हा पारा फारसीतला, त्याचा अर्थ तुकडा. कुराणाचे तीस भाग म्हणजे सिपारा. ‘सी’ म्हणजे तीस. मुलीचे माहपारा हे नाव म्हणजे चंद्राचा तुकडा. तुर्कस्तानात हाच शब्द नाण्याचे नाव झाला : उस्मानी काळात चाळीस पारांचा एक कुरुश होई, आणि आजच्या तुर्कीत ‘पारा’ म्हणजे सरळ पैसा. सर्बियाच्या दिनाराचे शंभर भाग, तेही पाराच. गावाचा भाग आणि ग्रंथाचा भाग, दोन वेगळ्या वाटांनी आलेले हे शब्द बैजनाथपाऱ्यातल्या एका घरात एकाच उच्चाराने राहतात. मे महिन्यात रोहिणी नक्षत्रावर नवतपाचे नऊ दिवस सुरू झाले, की तिसराही पारा येऊन मिळतो. रायपूरची हिंदी वर्तमानपत्रे तो 44-45 अंशांवर गेल्याचे मोठ्या अक्षरांत छापतात. हा संस्कृत ‘पारद’, 1714 मध्ये फॅरनहाइटने तापमापकात भरलेला द्रव धातू.

रायपूरहून तासाभराच्या अंतरावर भिलाई आहे. 1959 मध्ये तिथली पहिली झोतभट्टी पेटली आणि पोलाद कारखान्यासाठी देशभरातून माणसे आली. ओडिशाहून आलेल्या कामगाराच्या भाषेत पारा म्हणजे कबूतर; मराठी पारव्याचा तो जवळचा नातलग, दोघेही संस्कृत ‘पारावत’ची लेकरे. केरळहून आलेल्याच्या मल्याळमात पारा म्हणजे खडक, म्हणून तिरुवनंतपुरमजवळचे वट्टप्पारा. गोव्याकडच्या कोंकणी घरात पारा जेवणाच्या पानात असतो. सुक्या मासळीचे, मसाला आणि व्हिनेगर घालून मुरवलेले ते लोणचे पावसाळ्यात, ताजी मासळी नसताना, पेजेबरोबर खातात. त्याच गोव्यात पोर्तुगीज शिकलेल्या जुन्या पिढीला ‘पारा’ म्हणजे ‘साठी’ हेही ठाऊक होते.

मुंबईजवळचा सोपारा मात्र दिसायला सारखा, कुळाने निराळा. नालासोपाऱ्यात कुठलाच पारा नाही; ते प्राचीन शूर्पारक बंदर आहे, जिथे 1882 मध्ये भगवानलाल इंद्रजींना अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा मिळाला.

मराठीने या गर्दीत आपली वाट व्याकरणाने काढली आहे. झाडाभोवतीचा चौथरा तो पार, म्हणून आपण ‘पारावर’ बसतो. पुण्याचा शनिपार त्यातलाच. धातू तो पारा, म्हणून ‘पाऱ्याचा’ तापमापक. विभक्ती लागताच कोणता शब्द कुठला ते कळते. रायपूरच्या जुन्या मराठी घरातला माणूस पत्ता सांगताना ‘तात्यापाऱ्यात’ म्हणतो, तेव्हा तो छत्तीसगढी पाऱ्याला मराठी धातूच्या पाऱ्यासारखेच चालवतो. आधी मराठी नाते, मधे छत्तीसगढी वस्ती, शेवटी मराठी ‘त’. त्याच दारात रिक्षावाल्याशी बोलताना तो ‘तात्यापारा जाना हे’ असे छत्तीसगढीत म्हणतो, आणि रिक्षा निघते.