कादंबरीतील गोळी आणि रस्त्यावरील गोळी

गुप्तपोलिसी कथेच्या वाचकास पिस्तुलाचा आवाज नवा नसतो. कथेचा शेवट जवळ आला की अंधार पडतो, पाठलाग सुरू होतो, एक दोन बार उडतात आणि दुष्ट मनुष्य कोसळतो. वाचक समाधानाने पुस्तक मिटतो. मेलेल्याचे प्रेत कोणी उचलले, पंचनामा कोणी केला, गोळी कोणाच्या पिस्तुलातून सुटली, हे प्रश्न त्याच्या मनात येत नाहीत. आणि लेखकही ते येऊ देत नाही. कथेपुरते हे ठीकच आहे. परंतु ज्या समाजात कायद्याचे राज्य आहे तेथे खरी गोष्ट नेमकी याच प्रश्नांपासून सुरू होते.

आर्थर कॉनन डॉईलची ‘द साइन ऑफ फोर’ ही कादंबरी १८९० साली प्रसिद्ध झाली. तिच्या अखेरीस थेम्स नदीवर रात्री दोन वाफेच्या होड्यांची शर्यत लागते. पुढल्या होडीत जोनाथन स्मॉल नावाचा लाकडी पायाचा कैदी आणि त्याचा अंदमानी साथीदार टोंगा असतात. मागल्या पोलिसी होडीत शेरलॉक होम्स, डॉक्टर वॉटसन आणि स्कॉटलंड यार्डचा अधिकारी जोन्स असतात. टोंगा विषारी काटा फुंकण्याची नळी तोंडाशी नेतो, तोच होम्स आणि वॉटसन यांची पिस्तुले एकदम उडतात आणि टोंगा पाण्यात पडून दिसेनासा होतो. त्याचा देह पुन्हा वर येत नाही. दोघा खाजगी गृहस्थांनी पोलिसांच्या डोळ्यांदेखत एक मनुष्य मारला. पण त्याबद्दल ना चौकशी, ना जबाब. शिवाय कथेची सोय पाहा. जो मरावयास हवा तो मरतो, आणि ज्याच्याकडून हकीकत ऐकावयाची तो स्मॉल जिवंत सापडतो. तो चिरूट ओढीत आग्र्याच्या १८५७ सालच्या खजिन्यापासून अंदमानच्या तुरुंगापर्यंतची सर्व कहाणी सांगून टाकतो. एकही धागा लोंबकळत राहत नाही.

ही कादंबरी निघाल्यावर वीस वर्षांनी त्याच लंडन शहरात पोलीस आणि सशस्त्र गुन्हेगार यांची खरीखुरी गाठ पडली. तिच्यात मात्र बहुतेक सगळेच धागे लोंबकळत राहिले.

तारीख १६ डिसेंबर १९१०, शुक्रवारची रात्र. लंडनच्या हाउन्ड्सडिच नावाच्या रस्त्यावर हॅरिस नावाच्या जवाहिऱ्याचे दुकान होते. या भागात ज्यू व्यापाऱ्यांची वस्ती मोठी असल्याने शुक्रवारी सूर्यास्तानंतर साबाथ सुरू होई आणि सगळीकडे सामसूम असे. अशा शांततेत दुकानाच्या मागल्या बाजूने ठोकण्याचा आणि खरवडण्याचा आवाज शेजाऱ्याच्या कानी पडला. त्याने गस्तीच्या शिपायास बोलावून आणले. शिपायाने मागल्या गल्लीतील घराचे दार ठोठावले. दार उघडणाऱ्या मनुष्याची चर्या त्यास संशयास्पद वाटली. चतुराई अशी की त्याने काहीच ओळख दिली नाही. घरातील बाईंची चौकशी केल्याचे निमित्त केले, ‘मग येतो’ म्हणून सांगितले, आणि मदत आणावयास तो निघून गेला.

रात्री साडेअकराच्या सुमारास नऊ पोलीस तेथे जमले. सात गणवेशात, दोन साध्या वेषात. त्यांच्याजवळ दंडुक्याखेरीज शस्त्र नव्हते. सार्जंट बेंटले याने दार वाजविले. आतल्या मनुष्यास इंग्रजी समजत नसावे असे पाहून, इंग्रजी जाणणारा कोणी असल्यास बोलवावे असे त्याने सांगितले. तो मनुष्य दार अर्धवट लोटून आत गेला. बेंटले सहकाऱ्यांसह आत शिरला, आणि अंधारातून व जिन्यावरून गोळ्यांचा वर्षाव सुरू झाला. बेंटले उंबरठ्यापाशी कोसळला. सार्जंट ब्रायंट व शिपाई वुडहॅम्स जखमी झाले. सार्जंट टकर जागीच ठार झाला. चोट नावाच्या शिपायाने पळणाऱ्यांपैकी एकास, गार्डस्टाइन यास, मिठी मारली. त्याच्या अंगात एकामागून एक गोळ्या शिरत होत्या, तरी त्याने पकड सोडली नाही. त्या झटापटीत साथीदाराचीच एक गोळी गार्डस्टाइनच्या पाठीत लागली. चोट आणि बेंटले हे दोघेही दुसऱ्या दिवशी मरण पावले.

एका रात्रीत तीन पोलिसांचा बळी लंडनने पूर्वी पाहिला नव्हता. २२ डिसेंबर रोजी सेंट पॉल मंदिरात त्यांच्यासाठी प्रार्थना झाली आणि रस्त्यांत माणसांची दाटी झाली. पाठीत गोळी घेतलेल्या गार्डस्टाइनला साथीदारांनी एका खोलीत नेऊन निजविले. रात्री डॉक्टर आला, तेव्हा मित्राच्या हातून चुकून गोळी सुटली असे त्यास सांगण्यात आले. रुग्णालयात जाण्याचे गार्डस्टाइनने नाकारले आणि सकाळी तो मेला. प्रेत पोलिसांच्या हाती लागले. पण प्रेत बोलत नाही. जोनाथन स्मॉलप्रमाणे चिरूट ओढीत हकीकत सांगणारा कोणी येथे नव्हता.

ही माणसे होती तरी कोण? बहुतेक सर्व रशियन साम्राज्याच्या बाल्टिक किनाऱ्यावरील लाटव्हिया प्रांतातून आलेले निर्वासित. १९०५ सालची क्रांती झारच्या सैन्याने तेथे फार निष्ठुरपणे चिरडली होती. कित्येकांनी छळ सोसला होता. पोलीस म्हणजे नखे उपटणारा शत्रू, आणि चळवळीसाठी दरोडा घालणे म्हणजे पाप नव्हे, अशी धारणा घेऊन ते इंग्लंडात उतरले होते. दंडुका घेऊन दार वाजविणाऱ्या आणि दुभाष्यासाठी थांबणाऱ्या लंडनच्या शिपायात त्यांना रीगाचा शिपाईच दिसला असावा. यामुळे त्यांचा अपराध लेशभरही कमी होत नाही. पण तो घडला कसा हे थोडे उमगते.

पुढे १९११ च्या आरंभी पोलिसांस बातमी मिळाली की, टोळीतील फ्रिट्झ स्वार्स आणि योसेफ नावाचा त्याचा साथीदार हे दोघे स्टेपनी भागातील १००, सिडनी स्ट्रीट या घरात दडले आहेत. २ जानेवारीच्या मध्यरात्रीनंतर सुमारे दोनशे पोलिसांनी त्या घरास वेढा घातला आणि इतर रहिवाशांस हळूहळू बाहेर काढले. घरावर एकदम चाल करून का जाऊ नये? जिना अरुंद व वळणाचा होता. वर उभा असलेला एकटा मनुष्य खालून येणाऱ्या दहांस लोळवू शकला असता. शिवाय आपणावर गोळी झाडली गेल्यावाचून पोलिसांनी आधी गोळी झाडू नये, असा नियम होता. तीन सहकारी गमावलेल्या, थंडीत रात्रभर उभ्या राहिलेल्या पोलिसांनी हा नियम पाळला. उजाडल्यावर त्यांनी दार ठोठावले, उत्तर नाही. खिडकीवर खडे मारले. तेव्हा आतून गोळ्या सुटल्या आणि सार्जंट लीसन जखमी झाला.

मग पोलिसांची खरी दैन्यावस्था उघड झाली. त्यांच्याजवळ जुनी रिव्हॉल्व्हरे आणि छरऱ्याच्या बंदुका. आतील दोघांजवळ दूरवर व भराभर मारा करणारी माउझर पिस्तुले. अखेरीस गृहमंत्र्याच्या संमतीने टॉवर किल्ल्यातून स्कॉट्स गार्ड्स पलटणीचे सैनिक बोलाविण्यात आले. हा गृहमंत्री म्हणजे छत्तीस वर्षांचा विन्स्टन चर्चिल. त्यास कचेरीत बसवेना. उंच टोपी व लोकरीचा डगला घालून तो स्वतः घटनास्थळी आला आणि कोपऱ्याआडून डोकावताना छायाचित्रांत व चलत्‌चित्रांत सापडला.

दुपारी एकच्या सुमारास घरातून धूर निघू लागला. अग्निशामक दल पुढे सरसावले. पण त्यास थांबविण्यात आले आणि या निर्णयास चर्चिलने मान्यता दिली. त्या खुनी माणसांस वाचविण्यासाठी आपली माणसे का गमवावी, असा त्याचा विचार होता. योसेफने खिडकीबाहेर डोके काढले आणि तो गोळीने पडला. स्वार्स धुरात गुदमरून गेला. आग शमल्यावर जळालेले घर तपासताना भिंत कोसळली आणि चार्ल्स पिअर्सन हा अग्निशामक अधिकारी ढिगाऱ्याखाली सापडला. तो जबर जखमी झाला आणि काही महिन्यांनी त्यातच मरण पावला. कादंबरीकाराने असा मनुष्य गोष्टीत घेतलाच नसता. त्याने ना गुन्हा केला होता, ना गोळी झाडली होती. आणि त्याच्या मरणाने गोष्टीचे वर्तुळही पूर्ण होत नव्हते.

यापुढचा भाग कोणत्याही चित्रपटात रंगत नाही. पण इतिहासकाराच्या दृष्टीने तोच महत्त्वाचा. त्या दोघा मृतांसंबंधी रीतसर मरणान्वेषण झाले. ते मेले कसे आणि त्यांस मारणे न्याय्य होते काय, याचा निर्णय सामान्य नागरिकांच्या पंचांपुढे ठेवण्यात आला. पंचांनी ते कृत्य समर्थनीय ठरविले. पार्लमेंटात चर्चिलची चेष्टा झाली. छायाचित्रकार तेथे काय करीत होता हे कळते, परंतु सन्माननीय गृहमंत्री काय करीत होते, असा टोला विरोधी नेता बाल्फर याने हाणला. चेष्टेत अर्थ होता. मंत्री गोळीबाराच्या जागी उभा राहिला म्हणजे त्या गोळीबाराचा निःपक्षपाती विचार पुढे कोणी करावयाचा?

१९११ च्या मे महिन्यात उरलेल्या आरोपींवर ओल्ड बेली न्यायालयात खटला चालला. टकरला कोणी मारले? सरकार पक्षाने बोट दाखविले ते मेलेल्या गार्डस्टाइनकडे. जिवंत आरोपींपैकी कोणी गोळी झाडली याचा पुरावा नव्हता, म्हणून खुनाचा आरोप टिकला नाही. केवळ एका स्त्रीस घरफोडीच्या कटाबद्दल शिक्षा झाली आणि तीही अपिलात रद्द झाली. सुटलेल्यांपैकी याकोब पीटर्स हा पुढे रशियात गेला, तेथील चेका या भयंकर गुप्त पोलीस खात्यात फार वर चढला आणि १९३८ साली स्टॅलिनच्याच राजवटीत गोळीस बळी पडला. डोनाल्ड रम्बेलो हा लंडन सिटी पोलिसांत नोकरी केलेला इतिहासकार. त्याने या प्रकरणाचे कागद तपासून, हाउन्ड्सडिचच्या गोळ्या पीटर्सच्याच असाव्यात असा तर्क केला. तर्क बळकट असेल. पण न्यायालयाचा निर्णय तो नव्हे. तीन पोलिसांच्या खुनाबद्दल कोणासही शिक्षा झाली नाही ही वस्तुस्थिती कायम राहते.

वर्तमानपत्रांस मात्र खलनायक हवा होता आणि त्यांनी तो ‘पीटर द पेंटर’ या नावात शोधला. हा मनुष्य पोलिसांस कधीच सापडला नाही. पण त्याची दंतकथा एवढी पसरली की आयर्लंडच्या स्वातंत्र्ययुद्धात माउझर पिस्तुलासच लोक त्या नावाने ओळखू लागले. आल्फ्रेड हिचकॉकने १९३४ साली ‘द मॅन हू न्यू टू मच’ या चित्रपटाचा शेवट सिडनी स्ट्रीटच्या वेढ्यावर बेतला. तेव्हा बोलपटांच्या नियंत्रकांनी हरकत घेतली. इंग्लंडचा पोलीस सशस्त्र असतो असे प्रेक्षकांस वाटू नये, म्हणून चित्रपटातील पोलिसांनी बंदुकवाल्याच्या दुकानातून शस्त्रे आणताना दाखवावे लागले. या हरकतीत ढोंगाचा अंश असेलही. पण पोलिसाच्या हाती बंदूक असणे हा अपवाद होय, ही जाणीवही तीत होती. १९११ साली लंडन पोलिसांसाठी नवी स्वयंचलित पिस्तुले घेण्यात आली. तरी लंडनचा गस्तीचा सामान्य शिपाई आजही बंदुकीवाचून हिंडतो.

या दूरच्या हकीकतीशी मुंबईकराचा संबंध कोणता? बाबूराव अर्नाळकरांच्या झुंजार व काळापहाड यांच्या मागे धावत मराठी वाचकांच्या पिढ्या वाढल्या. त्या नायकांस पंचनाम्याचा जाच नव्हता, आणि तो नसण्यातच गंमत होती. पण मुंबईत ‘एन्काऊंटर’ हा इंग्रजी शब्द मराठी घराघरांत रूढ झाला तो कथेतून नव्हे. ११ जानेवारी १९८२ रोजी वडाळ्यास मन्या सुर्वे पोलिसांच्या गोळ्यांनी ठार झाला, त्या घटनेपासून या शब्दाचा इतिहास मोजण्याची चाल आहे. १९९५ ते १९९७ या काळात मुंबई पोलिसांच्या ९९ चकमकींत सुमारे १३५ माणसे मेल्याचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे गेला. २३ सप्टेंबर २०१४ रोजी न्यायालयाने नियम घालून दिले. अशा प्रत्येक मृत्यूची रीतसर नोंद व्हावी, तपास स्वतंत्र यंत्रणेने अथवा दुसऱ्या ठाण्याच्या पोलिसांनी करावा, दंडाधिकाऱ्याची चौकशी व्हावी, आणि शौर्य निःसंशय सिद्ध झाल्यावाचून चकमकीपाठोपाठ बढती वा शौर्यपदक देऊ नये.

शेवटचा नियम वाचताना हाउन्ड्सडिचच्या पाच पोलिसांची आठवण येते. बेंटले, टकर व चोट यांस मरणोत्तर, आणि ब्रायंट व वुडहॅम्स यांस हयातीत, राजाचे पोलीस पदक मिळाले. ते कोणास मारल्याबद्दल नव्हते. गुन्हेगार जिवंत हाती लागावा, न्यायासनापुढे उभा राहावा आणि त्याच्या तोंडून सत्य बाहेर यावे, एवढ्यासाठी चोटने अखेरपर्यंत मिठी सोडली नाही. त्याची ती इच्छा दुसऱ्याच एका गोळीने विफल केली.

कादंबरीत गोळी सुटते तेथे गोष्ट संपते. शहाण्या राज्यात गोळी सुटते तेथे गोष्ट नोंदवहीत सुरू होते. ती नोंदवही कंटाळवाणी असेल. पण गोळी पोलिसाच्या छातीत शिरलेली असो वा पोलिसाच्या पिस्तुलातून सुटलेली असो, मेलेल्याच्या वतीने प्रश्न विचारणारी दुसरी जागा नाही.