वादी गैरहजर

कोर्टाच्या दारात शिपाई पुकारा करतो. प्रतिवादी हजर आहे, वादी आलेला नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९, नियम ८ प्रमाणे दावा काढून टाकला जातो. त्याच कारणावरून नवा दावा लावता येत नाही. तीस दिवसांच्या आत अर्ज करून, न येण्यास पुरेसे कारण होते हे कोर्टाला पटवावे लागते. दावा खरा की खोटा हा प्रश्नच उरत नाही.

वादीला आपल्या दाव्याची आस्था नाही, असे कायदा गृहीत धरतो. मला हे गृहीतच मान्य नाही. गरिबाच्या गैरहजेरीला इतिहास आहे, आणि तो आमच्या नगर जिल्ह्यात, म्हणजे आजच्या अहिल्यानगरात, घडलेला आहे.

मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे सावकारांविरुद्ध दंगा झाला आणि त्याचे लोण पारनेर, श्रीगोंद्यापर्यंत आले. शेतकऱ्यांनी कर्जखते हिसकावून जाळली. सरकारने चौकशी आयोग नेमला. सावकार दावा लावी, कर्जदार कोर्टात येत नसे आणि एकतर्फी हुकूमनामा होऊन जमीन जाई, हे चौकशीत उघड झाले. मग पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठी १८७९ चा शेतकरी साह्य कायदा आला. न्यायाधीशाने कर्जदाराला बोलावून त्याची साक्ष घ्यावी, कर्जखतामागचा सारा व्यवहार तपासावा, असे त्यात ठरले. न येणे म्हणजे कबुली नव्हे, हे इंग्रज सरकारला चार वर्षांत उमगले. कारण खते जळाली होती!

आमच्या माणसासाठी असा शोध कोणी घेतला काय? महार वतनाच्या गुलामगिरीविरुद्ध बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात विधेयक मांडले. कनिष्ठ गावकामगार वतने रद्द करणारा कायदा १९५९ साली अमलात आला. ठरावीक रक्कम भरल्यास जमीन पूर्वीच्या वतनदाराला नव्याने मिळावी आणि जिल्हाधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय ती विकली जाऊ नये, अशी तरतूद झाली. कागद आमचा झाला. पण कब्जा दुसऱ्याचा असेल तर वादी आम्हीच व्हायचे. एक तारीख म्हणजे एक दिवसाची मजुरी, एस.टी.चे भाडे, वकिलाची फी. त्यात प्रतिवादी गावातलाच, आणि उद्या काम मागायला जायचे त्याच्याच बांधावर. अशा दहा तारखा झाल्यावर अकराव्या तारखेला जो जात नाही, त्याला बेफिकीर म्हणायचे काय?

अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या १९९५ च्या नियमांनी ही गोष्ट थोडी तरी ओळखली. नियम ११ प्रमाणे पीडिताला आणि साक्षीदाराला प्रवासखर्च व किमान मजुरीइतका निर्वाहखर्च मिळायला हवा. २०१६ पासून अमलात आलेल्या कलम १५ अ ने संरक्षणाचा हक्कही दिला. हा खटला सरकार चालवते, फिर्यादीच्या गैरहजेरीने तो सहसा निघत नाही. तो दुसऱ्या वाटेने निघतो. जामखेड तालुक्यातील खर्डा येथे २८ एप्रिल २०१४ रोजी नितीन आगे या शाळकरी मुलाचा खून झाला. नोव्हेंबर २०१७ मध्ये नगरच्या सत्र न्यायालयाने नऊ आरोपींना निर्दोष सोडले. अनेक साक्षीदार फितूर झाले होते. माणसे पिंजऱ्यात उभी राहिली, साक्ष मात्र गैरहजर राहिली.

म्हणून कार्यकर्त्यांनी, शिक्षकांनी, विद्यार्थ्यांनी मोर्च्याइतकेच तारखेलाही महत्त्व दिले पाहिजे. वस्तीतल्या प्रत्येक दाव्याची तारीख वहीत लिहा. वादीबरोबर कोर्टात जा. दावा निघालाच तर तीस दिवस मोजा. नियम ११ चा खर्च लेखी मागा. १८७५ च्या शेतकऱ्याची गैरहजेरी सरकारला वाचावी लागली, आमची अजून वाचली गेलेली नाही. ती वाचायला लावणे हेही चळवळीचेच काम आहे.