मांजर, टॉरिन आणि चेतासंस्था : ‘अनावश्यक’ ठरलेल्या एका पोषकद्रव्याचा इतिहास (१८२७ ते १९८७)

प्रस्तावना

एखाद्या पदार्थाचा शोध लागणे आणि त्याचे महत्त्व उमगणे या दोन घटनांमध्ये कधीकधी दीर्घ काळ लोटतो. टॉरिन हे त्याचे बोलके उदाहरण होय. १८२७ साली जर्मनीतील हायडेलबर्ग येथे फ्रीडरिख टीडेमान आणि लेओपोल्ड ग्मेलिन या शास्त्रज्ञांनी बैलाच्या पित्तातून हा पदार्थ प्रथम वेगळा केला. लॅटिन भाषेत बैलाला ‘टॉरस’ म्हणतात. त्यावरून पुढे त्याला टॉरिन हे नाव मिळाले. त्यानंतर जवळजवळ दीडशे वर्षे पित्ताचा एक घटक एवढीच त्याची प्रमुख ओळख राहिली. मांजराच्या आहारात टॉरिन नसेल तर त्याची दृष्टी जाते, हे १९७५ मध्ये दिसून आले. त्याच्या पिल्लांच्या मेंदूची घडण बिघडते आणि हृदय दुबळे होते, हे कळण्यास त्यापुढे आणखी दहा-बारा वर्षे जावी लागली.

हा विलंब का झाला आणि त्यातून ‘आवश्यक’ व ‘पुरेसे’ या संकल्पनांविषयी काय शिकता येते, याचा शोध घेणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

उद्दिष्टे व अभ्यासपद्धती

१. टॉरिनविषयक ज्ञानाच्या विकासाचे टप्पे कालक्रमाने मांडणे.
२. मांजराच्या मेंदू व चेतासंस्थेच्या आरोग्याशी टॉरिनचा संबंध कसा प्रस्थापित झाला, हे स्पष्ट करणे.
३. पोषणाचे मानदंड कशाच्या आधारे ठरतात, याची ऐतिहासिक चिकित्सा करणे.

लेखासाठी ऐतिहासिक व विश्लेषणात्मक पद्धतीचा अवलंब केला असून प्रसिद्ध झालेल्या संशोधनाचा आधार घेतला आहे.

टॉरिनचे वेगळेपण

टॉरिनची गणना सर्वसाधारणपणे अमिनो आम्लांत केली जाते. तथापि इतर अमिनो आम्ले एकमेकांना जोडली जाऊन प्रथिने तयार होतात, तसे टॉरिनच्या बाबतीत घडत नाही. ते पेशींमध्ये मुक्त स्वरूपात राहते. मेंदू, दृष्टिपटल, हृदय आणि स्नायू यांमध्ये त्याचे प्रमाण विशेष आढळते. प्रथिनांच्या घडणीत भाग न घेणाऱ्या या पदार्थाकडे पोषणशास्त्राचे दुर्लक्ष होणे काहीसे स्वाभाविक होते.

दुर्लक्षाचे दुसरे कारण अधिक महत्त्वाचे आहे. उंदीर, कुत्रा यांसारखे प्राणी मेथिओनिन व सिस्टीन या गंधकयुक्त अमिनो आम्लांपासून आपल्या शरीरातच टॉरिन तयार करतात. पोषणशास्त्राचे बरेचसे प्रयोग उंदरांवर झाले. जो पदार्थ शरीर स्वतः बनवते, तो आहारातून मिळालाच पाहिजे असे नाही. म्हणून तो ‘अनावश्यक’. हे अनुमान उंदरापुरते योग्य होते. मांजरात मात्र टॉरिन तयार करणाऱ्या विकरांची क्रियाशीलता अत्यल्प असते. मांसाहारावरच जगत आलेल्या या प्राण्याला टॉरिन भक्ष्यातूनच मुबलक मिळत असल्याने ते तयार करण्याची क्षमता टिकवण्याची गरज भासली नसावी, असे त्याचे स्पष्टीकरण दिले जाते.

मांजराची अडचण येथेच संपत नाही. चरबीच्या पचनासाठी यकृतात पित्ताम्ले तयार होतात व ती एखाद्या अमिनो आम्लाशी जोडली जातात. अनेक प्राण्यांत टॉरिन कमी पडल्यास त्याची जागा ग्लायसिन घेते. मांजराला हा पर्याय उपलब्ध नाही. परिणामी पित्तावाटे टॉरिन सतत आतड्यात जाते आणि त्याचा काही भाग तेथील जीवाणूंमुळे नष्ट होतो. थोडक्यात, मांजराच्या शरीरात टॉरिनची मिळकत अल्प आणि खर्च अटळ आहे.

प्रयोगशाळेतील मांजर : साधन आणि विषय

विसाव्या शतकात चेतासंस्थेच्या अभ्यासासाठी मांजराचा फार मोठ्या प्रमाणावर वापर झाला. ऑस्ट्रेलियातील कॅनबेरा येथे डेव्हिड कर्टिस आणि जेफ्री वॉटकिन्स यांनी मांजराच्या मेरुरज्जूतील चेतापेशींवर निरनिराळ्या अमिनो आम्लांचा परिणाम तपासला व १९६० मध्ये आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. काही अमिनो आम्ले चेतापेशींना उत्तेजित करतात, तर काही त्यांची क्रिया मंदावतात, असे त्यांना आढळले. टॉरिन हे दुसऱ्या गटातील होते. १९७२ मध्ये निको व्हॅन गेल्डर यांनी कोबाल्ट धातूच्या साहाय्याने मांजर व उंदीर यांच्यात निर्माण केलेल्या अपस्माराला टॉरिन अटकाव करते, असे दाखवले. त्यामुळे मानवी अपस्मारावर टॉरिनचा उपयोग होईल अशी आशा निर्माण झाली. परंतु रुग्णांवरील चाचण्यांचे निष्कर्ष एकसारखे आले नाहीत.

टॉरिन चेतापेशींमधील अतिरिक्त उत्तेजना आवरते, पेशीतील पाण्याचा समतोल राखण्यास मदत करते आणि कॅल्शियमच्या नियमनात सहभागी होते, ही समज अशा संशोधनांतून हळूहळू विकसित झाली. येथे एक विसंगती नोंदवणे आवश्यक वाटते. ज्या मांजराच्या मेरुरज्जूवर टॉरिनचे कार्य तपासले गेले, त्या मांजराला स्वतःला टॉरिन कोठून मिळते, हा प्रश्न त्या प्रयोगांच्या कक्षेत नव्हता. तेथे मांजर हे अभ्यासाचे साधन होते, विषय नव्हता.

दृष्टिपटलाची साक्ष

हा प्रश्न उपस्थित झाला तो आहारविषयक प्रयोगांमुळे. प्राण्याच्या पोषणगरजा अचूक ठरवण्यासाठी संशोधक ‘शुद्ध आहार’ वापरत. प्रत्येक घटक वेगळा करून व मोजून दिला म्हणजे कशाची उणीव कोणता परिणाम घडवते, हे समजते. प्रथिनांसाठी दुधातील केसीन सोयीचे होते. परंतु केसीन शुद्ध स्वरूपात वेगळे केले की त्यात टॉरिन जवळजवळ उरत नाही. १९६४ मध्ये इंग्लंडमधील पॅट्रिशिया स्कॉट व त्यांच्या सहकाऱ्यांनी अशा आहारावरील मांजरांना येणाऱ्या अंधत्वाची नोंद प्रसिद्ध केली. आहारजन्य अंधत्व म्हटले की त्या काळी अ जीवनसत्त्वाचे नाव प्रथम पुढे येत असे. टॉरिनकडे लक्ष वळण्यास आणखी एक दशक जावे लागले.

१९७५ मध्ये के. सी. हेस, आर. ई. कॅरी आणि एस. वाय. श्मिट यांचा शोधनिबंध ‘सायन्स’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. केसीनयुक्त आहारावरील मांजरांच्या दृष्टिपटलाचा ऱ्हास आणि त्यांच्या शरीरातील टॉरिनची घट यांचा संबंध त्यांनी दाखवून दिला. पुढील वर्षी प्रसिद्ध झालेल्या संशोधनात आहाराला मेथिओनिन, सिस्टीन किंवा टॉरिन यांची जोड देऊन पाहण्यात आली. त्यांपैकी ऱ्हास रोखला तो टॉरिननेच. १९७८ मध्ये या संशोधनाची व्यावहारिक बाजू पुढे आली. कुत्र्यांसाठी तयार केलेले खाद्य दीर्घकाळ खाणाऱ्या मांजरांमध्येही असाच ऱ्हास आढळल्याचे गुस्तावो आगिर्रे यांनी नोंदवले. कुत्र्याला पुरेसा असलेला आहार मांजराला आंधळे करू शकत होता.

दृष्टिपटलाचा हा पुरावा केवळ डोळ्यापुरता मर्यादित नाही. गर्भावस्थेत दृष्टिपटल मेंदूच्याच भागापासून तयार होते. ते चेतासंस्थेचे अंग आहे. त्यामुळे प्रकाशग्राही पेशी टॉरिनअभावी मरत असतील, तर मेंदूच्या इतर भागांचे काय होत असेल, हा प्रश्न ओघानेच आला.

पिल्लांचा मेंदू

या प्रश्नाचे उत्तर देण्यात न्यूयॉर्कमधील स्टेटन आयलंड येथील संशोधनसंस्थेत काम करणारे जॉन स्टर्मन यांचा वाटा मोठा आहे. त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी टॉरिनविरहित आहारावर ठेवलेल्या मांजरींच्या गर्भारपणाचा अभ्यास केला. अशा मांजरींमध्ये गर्भपाताचे प्रमाण अधिक होते. जन्मलेली पिल्ले वजनाने कमी असत व त्यांतील अनेक जगत नसत. जगलेल्या पिल्लांच्या मागील पायांची वाढ व चाल सदोष असे.

१९८५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या शोधनिबंधात या दोषामागील चेतासंस्थेची स्थिती स्पष्ट झाली. शरीराचा तोल व हालचालींचा मेळ सांभाळणाऱ्या अनुमस्तिष्काच्या पृष्ठभागावर जन्मानंतर काही काळ अपक्व पेशींचा एक थर असतो. वाढीच्या ओघात या पेशी आत स्थलांतर करतात आणि तो थर नाहीसा होतो. टॉरिनची उणीव असलेल्या पिल्लांमध्ये मात्र, ज्या वयात हा थर संपलेला असावा त्या वयातही तो टिकून असल्याचे दिसले. त्याच दशकातील पुढील अभ्यासांत मेंदूतील दृष्टिकेंद्राच्या वाढीतही विकृती आढळल्या. टॉरिन हे मेंदूच्या कार्याला तर हवेच, पण मेंदूच्या घडणीलाही हवे, हा या संशोधनाचा गाभा होय.

या ज्ञानाचा प्रभाव मानवी पोषणावरही पडला. गायीच्या दुधात टॉरिन अल्प असते. मातेच्या दुधात ते तुलनेने बरेच अधिक असते. १९८४ च्या सुमारास अमेरिकेत तान्ह्या मुलांच्या डबाबंद दुधात टॉरिन मिसळण्यास आरंभ झाला. मानवी अर्भकाला त्याचा नेमका किती लाभ होतो, याविषयी मात्र नंतरच्या चाचण्यांतून मांजराइतके स्पष्ट उत्तर मिळालेले नाही. एका प्राण्याची गरज दुसऱ्यावर जशीच्या तशी लादता येत नाही, हा धडा येथे उलट दिशेने लागू पडतो.

‘पुरेसे’ म्हणजे किती?

अमेरिकेच्या राष्ट्रीय संशोधन परिषदेने १९८६ मध्ये मांजरांच्या पोषणगरजांचा सुधारित ग्रंथ प्रसिद्ध केला. टॉरिनची आवश्यकता तोवर मान्य झालेली होती. प्रश्न सुटला असे वाटत असतानाच ऑगस्ट १९८७ मध्ये कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील पॉल पायन, मार्क किटलसन, क्विंटन रॉजर्स आणि जेम्स मॉरिस यांचा शोधनिबंध ‘सायन्स’मध्ये आला. बाजारातील तयार मांजरखाद्य खाणाऱ्या २१ मांजरांमध्ये रक्तातील टॉरिन कमी आणि हृदयाचे आकुंचन दुबळे झाल्याचे त्यांना आढळले. आहारात टॉरिन वाढवल्यावर हृदयाचे कार्य पूर्ववत होत गेले. हृदय प्रसरण पावून मांजरे दगावण्याचा हा विकार तोपर्यंत कारण अज्ञात असलेला मानला जात होता.

टॉरिनची गरज ठाऊक असूनही हे का घडले? खाद्यात टॉरिन किती आहे, एवढेच मोजले जात होते. त्यातले मांजराच्या शरीराला किती लाभते, हा वेगळा प्रश्न होता. डबाबंद खाद्य तीव्र उष्णतेने शिजवले जाते. त्या प्रक्रियेमुळे प्रथिनांत होणारे बदल आतड्यातील जीवाणूंच्या वाढीस पोषक ठरतात आणि हे जीवाणू टॉरिनचा अधिक नाश करतात. म्हणूनच पुढे अमेरिकेतील मानदंडांत शुष्क भाराच्या हिशेबाने कोरड्या खाद्यात किलोमागे १००० मिलिग्रॅम, तर डबाबंद खाद्यात त्याच्या दुप्पट, म्हणजे २००० मिलिग्रॅम टॉरिन असावे असे ठरले. उत्पादकांनी टॉरिनचे प्रमाण वाढवल्यानंतर मांजरांमधील हा हृदयविकार पूर्वीच्या तुलनेत विरळ झाला.

हृदय आणि चेतासंस्था यांतील एक भेद येथे ध्यानात घ्यावा लागतो. वेळीच टॉरिन मिळाल्यास हृदय बहुधा सावरते. दृष्टिपटलातील मेलेल्या पेशी मात्र परत येत नाहीत. गर्भावस्थेत बिघडलेली मेंदूची घडण नंतरच्या आहाराने पूर्ववत होत नाही. शिवाय ही हानी सावकाश होते. मांजराची दृष्टी बरीचशी जाईपर्यंत पाळणाऱ्याच्या ते लक्षातही येत नाही. चेतासंस्थेच्या बाबतीत प्रतिबंध हाच खरा उपाय ठरतो.

आपल्याकडील संदर्भ

महाराष्ट्रातील घरांत मांजराला दूध-पोळी किंवा दूध-भात घालण्याची रीत जुनी आहे. वरील इतिहासाच्या प्रकाशात पाहता हा आहार टॉरिनच्या दृष्टीने फार तोकडा आहे. तरीही पूर्वी अशी मांजरे धडधाकट दिसत, कारण वाडा, अंगण, धान्याची कोठी यांतील उंदीर त्यांची उणीव भरून काढत. उंदराच्या शरीरात टॉरिन मुबलक असते. घरमालक आपण मांजराला पोसतो असे समजे. प्रत्यक्षात मांजर आपल्या पोषणाचा महत्त्वाचा भाग स्वतःच मिळवत असे. शहरातील बंद सदनिकेत राहणाऱ्या मांजराला ही सोय नाही. मांस-मासळी उकडून वरचे पाणी ओतून दिले तरी पाण्यात विरघळणारे टॉरिन त्याबरोबर जाते. मांजराला केवळ शाकाहारावर ठेवू इच्छिणाऱ्यांनी तर टॉरिनची सोय पशुवैद्याच्या सल्ल्याने स्वतंत्रपणे करणे अत्यावश्यक आहे.

निष्कर्ष

१. ‘अनावश्यक’ हा शिक्का पदार्थाच्या गुणधर्मावर आधारलेला नव्हता. तो ज्या प्राण्यांवर प्रयोग झाले, त्यांच्या क्षमतेवर आधारलेला होता.
२. डोळा, मेंदू आणि हृदय यांची साक्ष वेगवेगळ्या वर्षी मिळाली. प्रत्येक टप्प्यावर ‘पुरेसे’ या शब्दाचा अर्थ बदलला. मानदंड हे अंतिम सत्य नसून त्या त्या काळी जे मोजले गेले त्याचा तो सारांश असतो.
३. मांजराच्या मेंदू व चेतासंस्थेसाठी टॉरिनचे महत्त्व दुहेरी आहे : जन्मापूर्वी व बाल्यावस्थेत घडणीसाठी आणि नंतर आयुष्यभर दृष्टी व चेतापेशींच्या रक्षणासाठी.

बैलाच्या पित्तात सापडलेल्या या पदार्थाला मांजराच्या आहारात आपले स्थान मिळवण्यासाठी दीड शतक वाट पाहावी लागली. या काळात रसायनशास्त्राला टॉरिन ठाऊक होते आणि शरीरक्रियाशास्त्राला मांजर ठाऊक होते. त्या दोहोंना जोडणारा प्रश्न मात्र उशिरा विचारला गेला. ज्ञानशाखांच्या सीमेवर असे आणखी किती प्रश्न पडून असतील, याचा विचार प्रत्येक विषयाच्या अभ्यासकाने करावयास हवा.