पैडी जयराज : नायकपदापासून दुय्यम भूमिकांपर्यंत

आपल्या हैदराबादने कवी, गवई आणि विद्वान अनेक दिले व त्यांची नावे आपण अभिमानाने घेतो. परंतु मूकपटाच्या काळापासून कित्येक दशके हिंदी पडद्यावर वावरलेल्या पैडी जयराज यांचे स्मरण येथे क्वचितच होते.

जयराज यांचा जन्म २८ सप्टेंबर १९०९ रोजी तत्कालीन हैदराबाद संस्थानातील करीमनगर येथे झाला. मातृभाषा तेलुगू, सरोजिनी नायडूंच्या घराण्याशी नाते आणि शिक्षण येथील निजाम कॉलेजात. चित्रपटाची ओढ असलेल्या तरुणास त्या काळी या नगरीत वाव नव्हता. धीरेंद्रनाथ गांगुली यांनी येथे लोटस फिल्म कंपनी काढली होती. पण ‘रझिया बेगम’ या चित्रपटावरून निजामाचा रोष ओढवला आणि १९२४ च्या सुमारास त्यांस संस्थान सोडावे लागले. तेव्हा जयराज यांनी मुंबईची वाट धरली, हे स्वाभाविकच होय.

१९२९ साली ‘जगमगती जवानी’ या मूकपटातून त्यांनी पदार्पण केले. पुढे बोलपट आला आणि केवळ रूपावर व अंगचपळाईवर उभे असलेले अनेक नट मागे पडले. उर्दूच्या वातावरणात वाढलेल्या जयराज यांस ती अडचण पडली नाही. ‘शिकारी’ (१९३२) हा त्यांचा पहिला बोलपट. ‘भाभी’ (१९३८) आणि देविका राणींसमवेतचा ‘हमारी बात’ (१९४३) यांनी त्यांस नायक म्हणून स्थिर केले. १९४५ साली ‘प्रतिमा’ चे दिग्दर्शनही त्यांनी केले. त्याचे नायक होते तरुण दिलीपकुमार. पुढील दशकात ‘हातिमताई’, ‘टिपू सुलतान’ अशा पोशाखी व ऐतिहासिक चित्रपटांत त्यांची भारदस्त देहयष्टी शोभून दिसली.

मात्र त्यांची खरी कसोटी यानंतर लागली. वय वाढले, नायकाची जागा गेली. अशा वेळी पूर्वीच्या वैभवाच्या आठवणी उगाळीत घरी बसणे सोपे असते. जयराज यांनी तसे केले नाही. ‘नाइन अवर्स टु रामा’ (१९६३) या परदेशी चित्रपटात ते घनश्यामदास बिर्लांच्या भूमिकेत दिसले. ‘शोले’ (१९७५) आणि ‘डॉन’ (१९७८) मध्ये त्यांनी लहान भूमिका केल्या. ज्या पडद्याच्या मध्यभागी आपण एकदा उभे होतो, त्याच्याच कडेस विनातक्रार उभे राहण्यास मोठे मन लागते.

१९८० सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांस लाभला. याच पुरस्काराच्या पहिल्या मानकरी त्यांच्या एके काळच्या सहनायिका देविका राणी होत्या. ११ ऑगस्ट २००० रोजी मुंबईत जयराज यांचे निधन झाले.

नायकांचा इतिहास लिहिला जातो. सहाय्यक नटांची नावे श्रेयनामावलीत राहून जातात. जयराज दोन्हीकडे होते. त्यांच्या जन्मभूमीने तरी त्यांस विसरू नये, एवढीच अपेक्षा.