भिडे एकदाच सांगायचे

मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ ला. १९७४ मध्ये प्रदीप भिडे तिथे आले आणि पुढे कित्येक वर्षं आमच्या घरी बातम्या म्हणजे भिडे, असंच समीकरण होतं. ७ जून २०२२ ला ते गेले, तेव्हा मला आमचं चंद्रपूरचं घर आठवलं.

१९८२ मध्ये चंद्रपुरातून गडचिरोली जिल्हा वेगळा झाला. पुढे मामा तिकडेच, भामरागडला पोलिसांत होता. भिड्यांनी 'गडचिरोली' म्हटलं, की आई हातातल्या लाटण्यासकट बाहेर यायची. चकमक, भूसुरुंग, मृतांचा आकडा. नावं नसायची. पण त्या आवाजात घाई नव्हती, की तिखटमीठ नव्हतं. पुढची बातमी सुरू झाली, की आई काही न बोलता आत जायची.

ऑक्टोबर २००९ मध्ये लाहेरीजवळ १७ पोलीस मारले गेले. एव्हाना मराठीत खाजगी वृत्तवाहिन्या आल्या होत्या. मामा निवृत्त होऊन आमच्याकडे आलेला. पडद्यावर तोच आकडा पुन्हा पुन्हा, लाल अक्षरांत. शेवटी त्यानेच टीव्ही बंद केला.

"भिडे एकदाच सांगायचे रे," एवढंच म्हणाला.

त्या १७ जणांच्या घरी टीव्ही कुणी बंद केला असेल, हे मात्र अजून मनातून जात नाही.