कितीला पडले?



आमच्या नात्यागोत्यात गेल्या दीड वर्षात तीन वास्तुशांती झाल्या. तिन्ही पुण्यात, तिन्ही फ्लॅट, आणि तिन्ही कर्जावर. जेवणाच्या पंगतीत म्हातारी माणसे एकच प्रश्न विचारतात, "कितीला पडलं?" उत्तर येते ते खरेदीखतावरच्या रकमेचे. ते उत्तर खोटे नाही, पण अर्धेच आहे. घर कितीला घेतले हे ते सांगते. कितीला पडले हे वीस वर्षांनी कळते, आणि तोवर पंगतीत विचारणारे आम्ही बहुधा नसतो!

गणिताचा मास्तर असल्यामुळे मला या अर्ध्या उत्तराचा इतिहास शोधावासा वाटला. सरळव्याजाचे सूत्र सगळ्यांना पाठ असते: मुद्दल गुणिले दर गुणिले काळ, भागिले शंभर. माणसे मुद्दल बघतात, दरासाठी चार बँका हिंडतात, पण 'काळ' या तिसऱ्या गड्याकडे कोणी बघत नाही. सावकाराचे मात्र पहिल्यापासून त्याच्याकडेच लक्ष होते.

आपल्याकडे जुना दंडक दामदुपटीचा. कोणत्याही एका वेळी थकलेले व्याज मुद्दलापेक्षा जास्त मागायचे नाही. शंभर दिले असतील तर व्याजापोटी फार तर शंभर. धर्मशास्त्रात हा नियम होता, आणि इंग्रजी अमलात मुंबई इलाख्यातल्या कोर्टांनीही हिंदू ऋणकोंसाठी तो मानला. 1855 च्या कायद्याने व्याजदरावरची जुनी बंधने उठवली तरी दामदुप्पट टिकली.

मग 1859 साली मुदतीचा कायदा आला. हेतू चांगला होता. कर्जरोख्यावर तीन वर्षांच्या आत दावा लावायचा, नाही तर रोखा बाद. म्हणजे व्याज साचत जाणार नाही. झाले उलटेच. तीन वर्षे भरत आली की सावकार कुळाला बोलावी, थकलेले व्याज मुद्दलात मिळवी आणि नवा रोखा लिहून घेई. हिशेब फळ्यावर मांडू. शंभर रुपये, दर शेकडा दरमहा दोन. तीन वर्षांचे व्याज 72, म्हणून नवा रोखा 172 चा. पुढची तीन वर्षे गेली की 296. आणखी तीन गेली की 509. आता बघा, प्रत्येक रोख्यात व्याज मुद्दलाच्या आतच आहे, दामदुपटीचा नियम एकदाही मोडलेला नाही, आणि नऊ वर्षांत शंभराचे पाचशे झाले!

हा नुसता फळ्यावरचा खेळ नव्हता. दख्खनच्या दंग्यांची चौकशी करणाऱ्या आयोगाला शंभर रुपयांच्या कर्जावर दोन हजारांहून अधिक व्याज आकारल्याचे प्रकरण सापडले होते.

त्या दंग्यांची पहिली ठिणगी शेतावरून नव्हे, एका घरावरून पडली हे फारसे सांगितले जात नाही. शिरूर तालुक्यातले करडे गाव, डिसेंबर 1874. काळूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख यांच्यावर हुकूमनामा मिळवला. देणे होते दीडशे रुपयांच्या आसपास, आणि गोष्ट देशमुखांचे राहते घर पाडण्यापर्यंत गेली. गावाने सावकारांवर बहिष्कार टाकला आणि तो आजूबाजूच्या गावांत पसरला. त्यामागे मोठी कारणे होतीच. अमेरिकेतल्या यादवीमुळे (1861 ते 1865) चढलेले कापसाचे भाव नंतर कोसळले होते, आणि त्याच सुमारास सारा वाढवला गेला होता. 12 मे 1875 रोजी सुप्याच्या बाजाराच्या दिवशी भडका उडाला. लोकांनी माणसांना फारशी इजा केली नाही. त्यांना कागद हवे होते. रोखे आणि वह्या बाहेर काढून जाळल्या.

ज्याला लिहिता-वाचता येत नाही त्याला कागदच शत्रू वाटणार.

1879 साली दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला तो पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांसाठी. त्यातली एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. रोख्यावर लिहिलेला आकडा खरा धरून न बसता कोर्टाने रोख्याच्या मागे जायचे, पहिल्या दिवसापासूनचा व्यवहार उकलायचा, मुद्दल वेगळे आणि व्याज वेगळे मांडायचे. सावकाराने पावती द्यायची, कुळाला पासबुक द्यायचे. म्हणजे 'कितीला पडले?' हा प्रश्न विचारण्याचा अधिकार कायद्याने कोर्टाला दिला.

आता आमची वाशी. इथून बार्शी एसटीने तास-दीड तासावर. पण बार्शी सोलापूर जिल्ह्यात, म्हणजे इंग्रजी मुलखात, आणि आम्ही निजामाच्या. (मध्ये 1853 ते 1860 एवढा काळ धाराशिवचा मुलूख इंग्रजांकडे होता, मग परत गेला.) त्यामुळे बार्शीच्या कुळाला जो कायदा होता तो आमच्या कुळाला नव्हता. इथे कोर्टाची भाषा उर्दू, साल फसली, नाणे हाली. गहाणाला रेहन म्हणत. भाषा मराठी, साल फसली आणि शिक्का उर्दू असा कागद पुढ्यात आला की शिकलेला माणूसही गोंधळे.

जुन्या माणसांच्या तोंडी गहाणाचे दोन प्रकार ऐकलेले आठवतात. नजरगहाण म्हणजे जमीन आपल्याच ताब्यात, फक्त कागद सावकाराकडे. ताबेगहाण म्हणजे जमीनच त्याच्याकडे, पीक तो खाणार आणि ते व्याजात धरणार. ताबेगहाणात मुद्दल रुपयानेही कमी होत नसे. दहा वर्षे सावकाराने ज्वारी नेली तरी सोडवायला गेले की रक्कम पहिल्या दिवशीचीच! मुदतखरेदी त्याहून वाईट: कागद विक्रीचा, तोंडी वायदा परतीचा. धान्याचे कर्ज सवाईने किंवा दिडीने, म्हणजे पेरणीला पायली नेली तर सुगीला सव्वा किंवा दीड पायली. हे सारे मी सांगतो आहे ते एवढ्यासाठी की 'मुद्दल हलत नाही' ही गोष्ट नीट लक्षात राहावी. पुढे तिची गाठ पडणार आहे.

घरासाठी हप्त्याने कर्ज ही कल्पना मध्यमवर्गात रुजली ती बरीच नंतर. आमच्या नोकरीच्या काळात मास्तर घर बांधायचा तो फंडातून उचल काढून, पतसंस्थेतून, नाही तर सरळ निवृत्तीनंतर. माणसाने घरासाठी निवृत्तीची वाट का बघावी, हा विचार हसमुखभाई पारेख यांनी मांडला, आणि आयसीआयसीआयमधून स्वतः निवृत्त झाल्यावर 1977 साली एचडीएफसी उभी केली. 1978 सालच्या त्यांच्या पहिल्या कर्जाची रक्कम होती 30,000 रुपये, व्याज साडेदहा टक्के, घर मालाडचे. (2023 साली ही संस्था तिच्याच बँकेत विलीन झाली.) हे काम मोठे आहे यात शंका नाही. सावकाराच्या दारात न जाता पगारदार माणूस तिशीत घराचा मालक होऊ लागला. गृहकर्जाला सरसकट सावकारी म्हणणाऱ्यांशी माझे जमत नाही.

पण 'काळ' तिथेही लपलेलाच होता. पूर्वी बऱ्याच गृहकर्ज कंपन्या वार्षिक शिलकीवर व्याज धरत. हप्ता तुम्ही दरमहा भरायचा, पण तो मुद्दलातून वजा व्हायचा वर्षअखेरीला. एक लाख, बारा टक्के, पंधरा वर्षे घ्या. मासिक शिलकीवर हप्ता येतो 1,200 रुपये, वार्षिक शिलकीवर 1,224. दर दोन्हीकडे बाराच टक्के! पंधरा वर्षांत फरक लाखामागे 4,200 रुपयांचा. जाहिरातीत दर असे, शिलकीची पद्धत नसे.

आणि 1984 साली एक महत्त्वाचा बदल झाला, ज्याची चर्चा मी कुठे फारशी ऐकली नाही. बँकांच्या नियमन कायद्यात 21-अ हे कलम आले. बँक आणि ऋणको यांच्यातला व्यवहार, व्याजदर जास्त आहे या कारणावरून कोर्टाला पुन्हा उघडता येणार नाही. 1946 च्या मुंबई सावकारी कायद्याने सावकाराला दामदुपटीची वेसण घातली होती. बँका त्या कायद्याच्या बाहेरच होत्या. म्हणजे 1879 साली कोर्टाने रोख्याच्या मागे जाऊन जो हिशेब करायचा, तो बँकेच्या कर्जात आपला आपणच करायचा आहे. अशिक्षित कुळाला हे शक्य नव्हते. इंजिनीअर झालेल्या आमच्या मुलांना शक्य आहे, पण करतात किती जण?

चला तर, करू. तीस लाख कर्ज, सात टक्के, वीस वर्षे. हप्ता 23,259 रुपये. पहिल्या हप्त्यातले 17,500 व्याजात जातात. निम्मे मुद्दल फिटायला 13 वर्षे 3 महिने लागतात. वीस वर्षांत भरायचे एकूण 55 लाख 82 हजार. तेच कर्ज तीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता 19,959, म्हणजे 3,300 रुपयांनी हलका. एकूण मात्र 71 लाख 85 हजार. महिन्याच्या त्या 3,300 ची सोय सोळा लाखांना पडली. (आणि तीस वर्षांत व्याज 41 लाख 85 हजार, म्हणजे मुद्दलाच्या वर. दामदुप्पट इथे तंतोतंत लागू नाही हे खरे, कारण तो नियम एका वेळी थकलेल्या व्याजाचा होता, वर्षानुवर्षे भरलेल्याचा नव्हे. तरी आकडा बघून पणजोबा दचकले असते.)

याची दुसरी बाजू न सांगणे बरे नव्हे. कर्ज नसते तर भाडे भरावे लागलेच असते. वीस वर्षांनंतरचे 23,259 रुपये आजच्याएवढे जड नसणार. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते; नव्या प्रणालीत ती नाही. तेव्हा 'पंचावन्न लाख पाण्यात गेले' असे कोणी म्हणू नये. हिशेब दोन्ही बाजूंनी मांडावा, एवढेच माझे म्हणणे.

खरी गंमत (गंमत कसली!) 2022 साली झाली. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर 4 वरून साडेसहा टक्क्यांवर गेला. 1 ऑक्टोबर 2019 पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाहेरच्या दराशी, बहुधा रेपोशीच, बांधलेली. वरच्या उदाहरणातल्या माणसाने एक वर्ष हप्ते भरले आणि दर सातावरून साडेनऊ झाला असे धरा. (प्रत्यक्षात तो पायरीपायरीने चढला.) शिल्लक 29 लाख 28 हजार. तिच्यावर महिन्याचे व्याज 23,185. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जमा होतात 74 रुपये. चौऱ्याहत्तर! या गतीने कर्ज फिटायला साठ वर्षांहून अधिक लागतील. ताबेगहाण आठवले ना? पीक दरमहा जाते आहे आणि मुद्दल जागचे हलत नाही.

बँका साठ वर्षे थांबत नाहीत. त्या थोडा हप्ता वाढवतात, थोडी मुदत वाढवतात. पण हप्ता वाढला की घरात बोलाचाली होते. मुदत वाढली की कोणालाच कळत नाही. मोबाईलवर एक संदेश येतो आणि जातो. तीन वर्षांनी रोखा बदलताना निदान कुळाला बोलावून अंगठा घ्यावा लागे!

पुढे 2025 मध्ये दर टप्प्याटप्प्याने खाली आले. तेव्हा मात्र मंडळींनी विचारले ते हप्ता किती कमी होईल हेच. मी असतो तर हप्ता तसाच ठेवला असता. मूळच्याच उदाहरणात पहिल्या महिन्यापासून दोन हजार रुपये जादा भरले तर कर्ज तीन वर्षे आधी फिटते आणि साडेचार लाखांहून जास्त वाचतात. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी फेड केली म्हणून बँकेला दंड घेता येत नाही, हा नियम 2012 चा आहे. तरी लोक अजून घाबरतात.

18 ऑगस्ट 2023 रोजी रिझर्व्ह बँकेने काढलेल्या परिपत्रकात मला 1879 चे पासबुक दिसले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, ही निवड ऋणकोला द्यायची. मुदत अशी वाढू द्यायची नाही की हप्त्यात महिन्याचे व्याजही निघणार नाही. आणि दर तिमाहीला त्याला पत्रक मिळाले पाहिजे: आजवर मुद्दलात किती गेले, व्याजात किती गेले, हप्ता किती, किती हप्ते उरले, वर्षाचा दर किती. नात्यातल्या ज्यांची कर्जे चालू आहेत त्यांनी ते पत्रक बँकेकडून जरूर मागून घ्यावे. त्यात 'उरलेले हप्ते' हा रकाना असतो. मागच्या तिमाहीपेक्षा तो आकडा तीनने कमी झाला आहे का, ते बघा. झाला नसेल तर दुसऱ्या दिवशी शाखेत जा, आणि जाताना दोन्ही पत्रके बरोबर न्या.